नेपथ्यांतील नाद

संस्कृत नाटकें ज्यांनीं शाळेंत किंवा घरीं वाचलीं आहेत, त्यांना 'नेपथ्ये' हा शब्द चांगला परिचयाचा असेल. रंगभूमीवर पात्रें आपापलें बोलत असतात आणि एकाएकीं कंसांत हा शब्द येतो. पडद्याआडून कोणी हांक मारतें, कोणी गातें, कोठें कोलाहल उठतो, आणि समोरचा सगळा रंग पालटून जातो. शाकुंतलाच्या पहिल्याच अंकांत राजा हरिणावर बाण सोडणार, तोंच त्याला थांबविणारा आवाज पडद्याआडून येतो. पांचव्या अंकाच्या आरंभीं हंसपदिका गाते. ती प्रेक्षकांना दिसत नाहीं, गाणें मात्र ऐकूं येतें, आणि सर्व कांहीं विसरून बसलेल्या दुष्यंताला आपण एवढे व्याकुळ कां झालों याचें कारण उमगत नाहीं. शकुंतला अद्याप दारांत आलेली नाहीं. तिच्या आधीं तिची स्मृति कानाच्या वाटेनें येऊन गेली आहे. हें काम कालिदासानें डोळ्यांकडे न देतां कानांकडे दिलें, हें आम्ही वर्गांत शिकवितांना मुद्दाम थांबून सांगत असूं.

आज तें पुन्हां आठवण्यास एक पत्र निमित्त झालें. आपल्याच जिल्ह्यांतल्या, आर्वीच्या एका भगिनींनीं तें लिहिलें आहे. त्यांची कन्या पदार्थविज्ञान घेऊन पदवीधर झाली, लहानपणापासून गाणें शिकली, पेटीवर तिचा हात बरा चालतो. आतां पुढें शिकावें किंवा बँकेच्या परीक्षा द्याव्यात, असें घरच्यांचें म्हणणें. तर ती म्हणते, मला चित्रपटांचें संगीत आणि ध्वनिरचना करावयाची आहे. त्यांतही मोठ्या नटांच्या, कोटींच्या घरांतल्या चित्रपटांचें नव्हे. चार मित्रांनीं पैसे जमवून, कोणा कंपनीच्या आधाराविना काढलेले जे स्वतंत्र चित्रपट असतात आणि जे बहुधा महोत्सवांतच पाहावयास मिळतात, त्यांच्याकडे तिचा ओढा आहे. आजोबांनीं अबोला धरला आहे. आईचा प्रश्न सरळ आहे : "हा व्यवसाय तरी कोणता? गावें तर गायिका नाहीं, वाजवावें तर वादक नाहीं. पडद्यावर तिचें नांव येईल तेव्हां लोक चपला शोधीत दाराकडे निघालेले असतील. यांत विद्या कोणती आणि भाकरी कोणती?"

प्रश्न रास्त आहे, म्हणून त्याला मोकळेपणानें उत्तर देणें आम्हांस प्राप्त आहे. विद्येचें आधीं पाहूं.

१९३७ सालीं पुण्याच्या प्रभात कंपनीनें 'कुंकू' हा चित्रपट काढला. कथा ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून घेतलेली, दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचें, संगीत केशवराव भोळे यांचें. तरुण नीरेला फसवून एका वृद्ध वकिलाच्या गळ्यांत बांधतात आणि ती तें लग्न मानण्याचें साफ नाकारते, ही कथा आमच्या आज्या-पणज्यांच्या किती जिव्हारीं लागली असेल याची कल्पना करावी. या चित्रपटाचा विषय निघाला कीं लोक नीरेच्या बंडाबद्दल आणि शांता आपटे यांच्या गळ्याबद्दल बोलतात. त्याचें दुसरें एक वैशिष्ट्य मात्र बहुतेकांच्या ध्यानांत येत नाहीं. आपल्याकडे बोलपट येऊन तेव्हां जेमतेम सहा वर्षें झालीं होतीं. 'आलम आरा' १९३१ सालचा. आवाज मिळाला या आनंदांत सगळेच होते आणि प्रत्येक प्रसंगाखालीं वाद्यमेळ वाजविण्याची चाल पडत होती. 'कुंकू'त वेगळें पार्श्वसंगीत म्हणून ठेवलेंच नाहीं. घरांत, अंगणांत, रस्त्यांत जे आवाज स्वभावतः होतात त्यांवरच सगळें भागविलें. काकासाहेबांचें जुनें घड्याळ त्या घरांत एखाद्या पात्राच्या योग्यतेला पोंचलें आहे. म्हाताऱ्याच्या आयुष्याचे उरलेले क्षण तें मोजीत आहे, हें सांगावयाला तेथें सारंगीची गरज पडली नाहीं.

येथें एक गोष्ट विचार करण्याजोगी आहे. भोळे हे कांहीं वाद्यांचें वावडें असलेले गृहस्थ नव्हते. त्यांच्याइतका संगीताचा मर्मज्ञ आणि टीकाकार त्या काळीं क्वचितच कोणी असेल. अशा संगीतकारानें ज्या चित्रपटाचें संगीत केलें, त्यांतच वाद्यांना एवढी विश्रांति मिळावी, यांत कांहीं मर्म आहे. गाणाऱ्याची परीक्षा तानेंत होते असें सामान्य श्रोता समजतो. जाणता श्रोता तो कोठें थांबतो इकडे पाहतो.

आणि ध्वनीचें काम हें त्या कंपनींत कोणा तारा जोडणाऱ्या मिस्त्रीचें काम मानलें जात नव्हतें. प्रभातच्या भागीदारांपैकीं विष्णुपंत दामले हे स्वतः ध्वनिमुद्रणाचें खातें सांभाळीत; आणि फत्तेलाल यांच्यासह 'संत तुकाराम' (१९३६) दिग्दर्शित करणारे दामले ते हेच. ज्याच्या हातीं यंत्र त्याच्याच हातीं कथा, असा तो योग होता. १९६० सालीं सरकारनें चित्रपटाचें शिक्षण देणारी संस्था काढली ती पुण्यांत याच प्रभातच्या जागेंत. आज फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट या नांवानें ती ओळखली जाते, आणि ध्वनिमुद्रण व ध्वनिरचना हा तेथें पदवीधरांसाठीं तीन वर्षांचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. आर्वीच्या कन्येच्या मनांत जी जागा आहे ती हीच असावी असा आमचा तर्क आहे.

याहूनही जुनें प्रमाण हवें असेल तर नाट्यशास्त्र उघडावें. बत्तिसाव्या अध्यायांत भरतमुनींनीं ध्रुवागानाचा विचार केला आहे. नाटक चालूं असतां प्रसंगानुसार जीं गीतें योजावयाचीं, त्या ध्रुवा. आणि त्या पांच प्रकारच्या. पात्र येतांना प्रावेशिकी, जातांना नैष्क्रामिकी. जमलेला रस मोडून एकदम दुसरा आणावयाचा तर आक्षेपिकी. क्षुब्ध झालेलें प्रेक्षकांचें चित्त पुन्हां निवळावयाचें तर प्रासादिकी. आणि नट थकला, अडखळला, वस्त्र सांवरूं लागला, तर मधली पोकळी झांकावयाची ती अंतरा. आजच्या पार्श्वसंगीतकाराला दिग्दर्शक पांच काय, पन्नास कामें सांगत असेल. पण नीट पाहिलें तर तीं सगळीं या पांचांच्या पोटांत बसतात. आमच्या घरीं सायंकाळीं दूरचित्रवाणीवर ज्या मालिका लागतात, त्यांत मात्र अंतरेखेरीज दुसरी ध्रुवा उरलेली दिसत नाहीं. सासूनें मान वळविली कीं तीन वेळां ढोल, सुनेनें ताट ठेवलें कीं पुन्हां तीन वेळां. नटाचा दोष झांकण्याचें काम चोवीस मिनिटें अव्याहत चाललेलें असतें. असो.

'कुंकू'त संगीताची जागा साध्या आवाजानें घेतली. याच्या नेमकें उलट उदाहरण बंगालचें आहे. सत्यजित राय यांचा 'पथेर पांचाली' (१९५५) हा आपल्याकडील स्वतंत्र चित्रपटांचा मूळपुरुष म्हणावयास हरकत नाहीं. पैशांच्या अभावीं तो वर्षानुवर्षें रखडला आणि शेवटीं पश्चिम बंगाल सरकारच्या साहाय्यानें पुरा झाला. संगीत पंडित रविशंकरांचें. त्यांना सवड इतकी थोडी होती कीं बहुतेक सगळें काम सुमारें अकरा तासांच्या एकाच बैठकींत उरकलें. त्यांत एक प्रसंग आहे. दुर्गा वारली आहे. बाप पुष्कळ दिवसांनीं परगांवाहून येतो, त्याला कांहींच ठाऊक नाहीं. मुलीसाठीं आणलेलें लुगडें तो पत्नीच्या हातीं ठेवतो. इतका वेळ दगडासारखी बसलेली ती माउली फुटून रडते. पडद्यावर तिचें तोंड उघडलेलें दिसतें, पण रडणें ऐकूं येत नाहीं. तेथें तारशहनाईवर पटदीपाचे तार सप्तकांतले स्वर येतात. मूळचा आक्रोश काढून त्या जागीं वाद्य ठेवण्याचा तो निर्णय आहे. खरें रडणें ऐकूं आलें असतें तर आपणांस त्या बाईची दया आली असती; स्वर ऐकल्यावर आपल्याच घरांतलें कोणी गेल्यासारखें होतें. कोठें आवाज काढून स्वर ठेवावा आणि कोठें स्वर काढून आवाज ठेवावा, हा विवेक म्हणजेच या व्यवसायांतली विद्या.

आतां हें काम प्रत्यक्षांत कसें चालतें तें थोडें सांगतों, कारण आजोबांचा समज बहुधा असा असावा कीं मुलगी कानाला डबे लावून नुसती बसून राहणार.

चित्रीकरणाच्या वेळीं दृश्य आणि ध्वनि हीं दोन वेगवेगळ्या यंत्रांवर उमटतात. पाटी आपटतात ती याचसाठीं. पाटी मिटलेली दिसते तें चित्र आणि 'टक्' ऐकूं येतें तो क्षण हीं दोन जुळवलीं म्हणजे पुढचें सगळें जुळतें. नटाच्या डोक्यावर, चित्राच्या चौकटीबाहेर, लांब काठीच्या टोंकाला बांधलेला माइक एक जण तोलून धरतो. दहा-दहा मिनिटें हात वर ठेवून, सांवली पडूं न देतां, पाऊल न वाजवितां उभें राहणें ही एक प्रकारची तपश्चर्याच. शिवाय नटांच्या कपड्यांत बोराएवढे माइक लपविलेले असतात. कडक खळ दिलेलें पातळ असलें कीं ते खरखरतात, म्हणून वस्त्रें निवडतांनाही ध्वनीच्या माणसाला विचारावें लागतें. प्रसंग संपला कीं सगळ्यांना जागच्या जागीं स्तब्ध उभें करून त्या खोलीचें निव्वळ मौन अर्धा-एक मिनिट मुद्रित करतात. प्रथम ऐकलें तेव्हां आम्हांस हंसूं आलें होतें. परंतु विचार केल्यावर कळतें, दोन खोल्यांचें मौन कधींही सारखें नसतें. माजघरांतलें मौन निराळें, ओसरीवरचें निराळें, जेथें काल कोणी वारलें आहे तेथलें तर फारच निराळें. पुढें दोन वाक्यांमधील जागा जोडतांना हेंच मौन भरावें लागतें. नुसती कोरी जागा ठेवली तर कानाला खड्ड्यांत पाय गेल्यासारखें होतें.

नंतरचें काम बंद खोलींत चालतें. पावलें, भांडीं, कपड्यांची सळसळ असे जे आवाज जागेवर नीट मिळाले नाहींत, ते पडदा पाहत पुन्हां निर्माण करतात. जॅक फॉली नांवाच्या अमेरिकन गृहस्थावरून या कामालाच 'फॉली' म्हणतात. आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनांत करवंट्या वाजवून घोडा आणि पत्रा हालवून मेघगर्जना आम्हींही केली आहे, तीच ही विद्या. मग आसमंताचे आवाज : पाखरें, वारा, दूरची गाडी, शेजारचा रेडिओ. त्यांत संगीत असलें तर संगीत. आणि शेवटीं हें सगळें तोलून एकत्र करणें, कोणता आवाज समोरून यावा, कोणता पाठीमागच्या भिंतीवरून. चित्रपटगृहांत पुढें तीन, मागें दोन आणि खर्जासाठीं एक अशी ध्वनिक्षेपकांची मांडणी असते, म्हणून तिला ५.१ म्हणतात. त्यामुळें कालिदासाचें 'नेपथ्ये' आतां प्रेक्षकाच्या पाठीमागूनही येऊं शकतें.

थोड्या पैशांच्या चित्रपटाला या कामाचें महत्त्व अधिक आहे, कमी नव्हे. मोठ्या चित्रपटाला शंभर माणसांची गर्दी दाखवावयाची तर शंभर माणसें आणतां येतात. ज्याच्यापाशीं दहाच माणसें आहेत त्यानें उरलेलीं नव्वद ध्वनीनें दाखवावींत. जत्रा, मोर्चा, पूर, रेल्वेचा अपघात, हीं सगळीं चौकटीबाहेर ठेवून निव्वळ ऐकवितां येतात, आणि पुष्कळदां पाहण्यापेक्षां तीं अधिक खरीं वाटतात.

आपल्या मराठींत गेल्या दहा-बारा वर्षांत असे चित्रपट झाले आहेत आणि ते घरांत बसून लक्षपूर्वक ऐकावेत असे आहेत. नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' (२०१३) घ्या. कैकाडी बोलींत फँड्री म्हणजे डुक्कर. जब्याचें सगळें कुटुंब गांवांतलें डुक्कर पकडीत आहे, शाळेंतलीं मुलें पाहून हंसत आहेत, डुक्कर आतां सांपडणार; इतक्यांत शाळेंतून राष्ट्रगीत ऐकूं येतें. जब्या ताठ उभा राहतो. मग घरचीं सगळीं जागच्या जागीं थिजतात. डुक्कर सांवकाश निघून जातें. या प्रसंगाला कोणत्याही पार्श्वसंगीतकारानें यापेक्षां अधिक काय जोडावें? जें गीत आपण सारे जण उभे राहून ऐकतों, तेंच त्या कुटुंबाच्या पायांत खोड्यासारखें पडलेलें पाहून शरमेनें मान खालीं जाते. आम्हीं चाळीस वर्षें शाळेच्या पटांगणांत तें गीत रोज ऐकलें. कुंपणापलीकडून तें कसें ऐकूं येत असेल हा विचार हा चित्रपट पाहिल्यानंतर मनांतून जात नाहीं. त्याचें पार्श्वसंगीत आलोकनंदा दासगुप्ता या बाईंचें आहे. याच दिग्दर्शकाच्या पुढल्या 'सैराट'च्या (२०१६) संगीतासाठीं अजय-अतुल हे बंधू थेट अमेरिकेंत जाऊन तेथील वाद्यवृंद वाजवून आले. तेंही गोड आहे, आम्ही नाहीं म्हणत नाहीं. पण राष्ट्रगीताच्या त्या प्रसंगाला खर्च कांहींच आला नसेल.

चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' (२०१४) तर गाण्यावरच चाललेल्या खटल्याची कथा आहे. एका लोकशाहिराच्या गाण्यामुळें गटारांत उतरणाऱ्या कामगारानें जीव दिला, असा त्या शाहिरावर आरोप ठेवलेला. गाण्यांचें संगीत संभाजी भगत यांचें, आणि शाहिराच्या भूमिकेंत आमच्या शेजारच्या नागपूरचे वीरा साथीदार. २०२१ सालीं करोनाच्या सांथींत ते गेले. गाण्याचा जोश व्यासपीठावर आहे तेवढाच. त्यानंतर न्यायालयांतला तो एकसुरी, पेंगुळलेला व्यवहार सुरू होतो, आणि कोणतेंही वाद्य मदतीला येत नाहीं. त्या गाण्यानंतर ही रुक्षता किती क्रूर वाटते! व्हेनिसच्या महोत्सवांत या चित्रपटाला दोन पारितोषिकें मिळालीं, आणि आपल्या देशांत त्या वर्षींचा सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून तो निवडला गेला.

ताम्हाण्यांचाच 'द डिसायपल' (२०२०) गाणाऱ्या घरांनीं अवश्य पाहावा. नायक शास्त्रीय संगीताचा विद्यार्थी. ती भूमिका आदित्य मोडक या खऱ्या गायकानेंच केली आहे. रात्रीं ओस पडलेल्या मुंबईच्या रस्त्यांवरून तो दुचाकीवर चालला आहे आणि कानांत एका दिवंगत गुरुमाउलीच्या व्याख्यानाची ध्वनिफीत. खालीं तंबोरा. ती माउली पडद्यावर येत नाहीं. तिचा आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा. तो आवाज जें सांगतो त्यानें तरुणाचें पुढचें सारें आयुष्य उभें राहतें आणि पोखरलेंही जातें. हंसपदिकेला पंधरा शतकांनंतर अशी जोडीदारीण मिळाली, असें आम्हांस वाटलें. संगीत अनीश प्रधान यांचें. आणि 'कोर्ट' व हा, अशा दोन्ही चित्रपटांच्या ध्वनिरचनेंत अनिता कुशवाह या बाईंचा वांटा आहे. अक्षय इंडीकर यांच्या 'त्रिज्या' या चित्रपटाच्या ध्वनिरचनेसाठीं मंदार कमलापूरकर यांना २०१९ या वर्षाचें राष्ट्रीय पारितोषिक मिळालें. तेव्हां लोक चपला शोधीत असतात हें खरें असलें, तरी परीक्षक अजून खुर्चींत बसलेले असतात.

मुलीच्या जातीला हें काम झेपेल काय, असें पत्रांत एके ठिकाणीं विचारलें आहे. वर आलेल्या नांवांतच त्याचें उत्तर आहे. आणखी एक नांव देतों. इंदूरच्या मराठी घरांत वाढलेल्या स्नेहा खानवलकर यांनीं 'गँग्ज ऑफ वासेपुर' (२०१२) या चित्रपटाच्या संगीतासाठीं बिहारांत हिंडून तेथले गळे आणि तेथल्या चाली शोधल्या. काठी उंच धरून उभें राहण्यास बळ लागतें, हें कबूल. परंतु ज्या घरांतल्या बायकांनीं दिवाळीच्या आधीं माळ्यावरचीं पितळी पातेलीं खालीं उतरविलीं आहेत, त्या घरानें ही शंका काढूं नये.

आतां भाकरीचें. येथें गोड बोलण्यांत अर्थ नाहीं. स्वतंत्र चित्रपटांवर कोणाचें घर नियमितपणें चालत नाहीं. वर्षांतले पुष्कळसे महिने जाहिराती, मालिका, मोबाइलवर पाहावयाच्या कथामाला यांच्या कामांत घालवावे आणि उरलेल्या वेळांत आवडीचा चित्रपट करावा, अशीच बहुतेकांची रीत आहे. मानधन उशिरां येतें, कधीं अर्धें येतें. म्हणून लेखी करार केल्याविना कोणत्याही कामाला हात लावूं नये. मित्राचें काम असेल तर मुळींच लावूं नये, कारण तेथें पैसेही जातात आणि मित्रही.

कायद्याचा एक मुद्दा मुलीनें पाठ करून ठेवावा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यांत २०१२ सालीं दुरुस्ती झाली. तीप्रमाणें चित्रपटासाठीं केलेल्या संगीताचा उपयोग चित्रपटगृहांतील खेळांखेरीज अन्यत्र झाला, तर संगीतकाराला त्या उत्पन्नांत बरोबरीचा वांटा मिळतो, आणि हा वांटा वारस किंवा संगीतकारांची संस्था यांखेरीज कोणास लिहून देतां येत नाहीं. निर्मात्यानें पुढें केलेल्या कागदावर तसें लिहिलें असलें तरी तें टिकणार नाहीं. परंतु हें संरक्षण संगीत रचणाऱ्याला आहे. पावसाचा आवाज, खोलीचें मौन, दूरच्या गाडीची शीळ यांची रचना करणाऱ्याला तें नाहीं. त्याला ठरलेलें मानधन मिळालें कीं संबंध संपला. दोन्ही विद्या ज्याला येतात त्यानें आपण कोणतें काम कोणत्या नांवानें केलें हें करारांत वेगवेगळें लिहून घ्यावें. आमच्या मतें मुलीनें ध्वनीबरोबर गाण्याचा रियाज सोडूं नये याचें हेंही एक व्यावहारिक कारण आहे.

मग पाठवावें कीं न पाठवावें? पाठवावें. प्रवेशपरीक्षा अवघड असते, एका खेपेस न साधलें तर दुसऱ्या खेपेस द्यावी. दोन्ही खेपा हुकल्या तर बँकेची परीक्षा कोठें पळून जात नाहीं. आजोबांना 'द डिसायपल' दाखवावा. ते गाण्याचे दर्दी आहेत असें पत्रावरून दिसतें, तेव्हां मध्यंतरीं उठणार नाहींत.

आणखी एक गोष्ट आहे, आणि ती त्या एका घरापुरती नाहीं. आमच्या वऱ्हाड-नागपूरकडचा आवाज चित्रपटांत फार क्वचित ऐकूं येतो. सतीश मनवर यांचा 'गाभ्रीचा पाऊस' (२००९) हा कापूसवाल्या शेतकऱ्याच्या आत्महत्येच्या छायेंतला चित्रपट. शेजारच्या शेतकऱ्यानें जीव दिल्यावर बायको नवऱ्यावर डोळा ठेवूं लागते, मुलाला त्याच्या मागें मागें पाठविते, त्याच्या आवडीचें पुरण घालते. तेथें पावसाचा आवाज हा नुसता आवाज नसतो. तो आला तर दुबार पेरणीचा पैसा वांचतो, अतोनात आला तर उरलेंसुरलें जातें. गिरीश कुलकर्णी आणि सोनाली कुलकर्णी यांच्या तोंडची आमच्याकडची बोली ऐकून बरें वाटलें. नाहींतर विदर्भाचा शेतकरी दाखवावयाचा म्हणजे दोन वेळां 'काहून' म्हणवावें आणि एकदां 'करून राहिला', एवढ्यावर पुष्कळ जण भागवितात. बोली शब्दांत नसते, हेलांत असते. आणि मुंबईच्या बंद खोलींत महिन्यानें पुन्हां म्हणवून घेतलेल्या वाक्यांत तो हेल परत येत नाहीं. यासाठीं जागेवरच ध्वनि घेणारें, आणि येथल्या हेलाला सरावलेल्या कानाचें माणूस हवें.

तसेंच पाखरांचें. पावशा आमच्याकडे उन्हाळा सरतांना आणि मृगाच्या सुमारास ओरडतो. कापसाची वेचणी चालते ती हिंवाळ्यांत. एखाद्या वेचणीच्या प्रसंगांत मागें पावशा ओरडतांना ऐकूं आला तर मुंबईच्या प्रेक्षकाला कांहींच वाटणार नाहीं, पण हिंगणघाटचा शेतकरी खुर्चींत हंसूं लागेल. पवनारला धाम नदी खडकांवरून वाहते तो आवाज, जिनिंगमधल्या यंत्रांची घरघर, रात्रीं वर्धा जंक्शनवर मालगाडीचे डबे एकमेकांवर आदळत जातात त्यांची लांबत गेलेली माळ, सेवाग्रामची सायंप्रार्थना, हें सगळें जसें येथें ऐकूं येतें तसें मुद्रित करून ठेवावयास हवें. मुलीनें प्रवेशपरीक्षेची वाट न पाहतां खिशांत मावणारें एक ध्वनिमुद्रणयंत्र घेऊन आजपासूनच या कामाला लागावें. अडचण एकच येईल आणि ती वैशाखांत येईल. पारा पंचेचाळिसांवर गेला कीं आर्वीपासून हिंगणघाटापर्यंत घराघरांत कूलर सुरू होतो आणि त्याच्या घोंघावण्याखालीं दुसरा कोणताही आवाज उरत नाहीं. मुद्रण चालूं असेतों तो बंद ठेवावा लागेल. आजोबांना तेवढा वेळ ओसरीवर खुर्ची टाकून द्यावी.